मूकपटांतली पडापडी कशी बघावी? नव्याने सुरुवात करणाऱ्यांसाठी

जहाज हेलकावे खातंय. डेकवर गर्दी, माणसं मळमळून जिथे जागा मिळेल तिथे आडवी झालेली. कठड्यावरून समुद्राकडे पार ओणवा झालेला एक माणूस आपल्याला पाठमोरा दिसतो. खांदे हिसके देतायत, पाय झाडले जातायत. बिचाऱ्याला उलट्या होतायत, असं आपण मनाशी म्हणून टाकतो. तेवढ्यात तो सरळ होतो, वळतो, आणि त्याच्या हातात गळाला लागलेला मासा असतो. चेहऱ्यावर आनंद मावत नाही.

चार्ली चॅप्लिनच्या 'द इमिग्रंट' या १९१७ च्या चित्रपटाची ही सुरुवात. माझ्या आत्याला इंग्रजीचा गंध नाही आणि सिनेमाचंही फारसं वेड नाही. तिला हा प्रसंग दाखवला तेव्हा ती खळखळून हसली आणि लगेच म्हणाली, "परत लाव." दुसऱ्यांदा ती माशाची वाट बघत नव्हती. ती त्याच्या खांद्यांकडे बघत होती. "बघ, कसं फसवलं मला," असं म्हणाली.

मला सांगायचंय ते सगळं आत्याच्या त्या दुसऱ्यांदा बघण्यात आलं. या चित्रपटांत माणसं पडतात, आपटतात, एकमेकांच्या तोंडाला क्रीम फासतात. हसू येतं ते पडल्यावर, पण शिजतं त्याआधीच्या दोन-चार सेकंदांत. त्या सेकंदांवर नजर ठेवायची सवय लागली, की शंभर वर्षांपूर्वीचे हे चित्रपट जुने वाटत नाहीत. ती सवय कशी लावायची, कुठून सुरुवात करायची आणि काय टाळायचं, ते क्रमाने सांगतो.

आधी नावाबद्दल थोडं. या विनोदाला स्लॅपस्टिक म्हणतात. जुन्या इटालियन लोकनाट्यातल्या विदूषकांच्या हातात एक काठी असे. दोन चपट्या फळ्या मुठीकडे जोडलेल्या आणि पुढे सुट्या. हळूच मारली तरी फळीवर फळी आपटून मोठ्ठा फटाक आवाज येई. मार कमी, आवाज जास्त. पडद्यावरच्या विनोदाने नाव तिथून घेतलं. मूकपटात तर तो आवाजही गेला, म्हणून सगळा भार अंगावर आला. कलाकाराला फटक्याचा आवाजसुद्धा आपल्या शरीरातून 'दाखवावा' लागे.

पहिली पायरी: वीस मिनिटांचा चित्रपट निवडा

त्या काळी चित्रपटाची लांबी रिळांत मोजत. एक रीळ साधारण १,००० फुटांचं, म्हणजे प्रोजेक्टर किती वेगाने फिरवला त्याप्रमाणे दहा ते पंधरा मिनिटांचं. स्लॅपस्टिकचा खरा बहर दोन रिळांच्या चित्रपटांत आहे. नवीन माणूस बहुतेक वेळा थेट दीड तासाच्या गाजलेल्या मूकपटाला हात घालतो, अर्ध्यात थकतो आणि पुन्हा तिकडे फिरकत नाही. तसं करू नका. वीस-पंचवीस मिनिटांत गोष्ट सुरू होते, चढते आणि संपते, आणि आपल्याला शब्दांशिवाय बघायची सवय लागेपर्यंत तेवढा वेळ पुरे होतो.

एका बैठकीला दोनच बघा. सलग सहा-सात लावले तर चौथ्यापासून सगळ्या लाथा सारख्याच वाटू लागतात. हे चित्रपट मुळात एकामागून एक बघायला बनलेच नव्हते. थिएटरात बातमीपट, मोठा चित्रपट, कधी रंगमंचावरची गाणी-कसरती अशा भरगच्च कार्यक्रमात एखादा विनोदी तुकडा असे. आपल्याकडेही रीत तीच होती. मे १९१३ मध्ये गिरगावातल्या कोरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' लागला, तेव्हाच्या जाहिरातीत सोबत नाच, विनोदी प्रवेश, पायाने कसरत करणारा कलाकार आणि 'टिप टॉप कॉमिकल्स' असा ऐवज होता. पुढे फाळक्यांनी स्वतःही 'पिठाचे पंजे' हा छोटा विनोदी चित्रपट केला. म्हणजे मुंबईच्या प्रेक्षकाला ही चव पहिल्यापासूनची.

दुसरी पायरी: प्रत पारखून घ्या

ही पायरी बहुतेक लोक वगळतात, आणि घोटाळा इथेच होतो.

काही वर्षांपूर्वी आमच्या सोसायटीच्या गणेशोत्सवात मी प्रोजेक्टरवर चॅप्लिन लावला. इंटरनेटवर पहिली सापडली ती प्रत घेतली. पडद्यावर सगळ्यांचे चेहरे पिठासारखे पांढरे, टोप्या आणि बूट चौकटीबाहेर, माणसं मुंग्यांसारखी धावतायत आणि मागे पियानोची एकच धून घरघरतेय. दहा मिनिटांत पोरं उठून गेली. आताच्या मुलांना हे रुचत नाही, असं मी धरून चाललो. पुढच्या वर्षी तोच चित्रपट नीट केलेल्या प्रतीतून लावला, तर तीच पोरं पुढे सरकून बसली.

असं होतं, कारण या चित्रपटांच्या प्रतींवरून प्रती आणि त्यांच्यावरून आणखी प्रती निघत गेल्या. मूळ फिल्म नायट्रेटची, म्हणजे चटकन पेट घेणारी आणि ठेवल्या जागी कुजणारी. त्यामुळे बरंच काही कायमचं गेलं. जे उरलं त्यातलं बरंचसं झिजलेल्या प्रतींतून आपल्यापर्यंत आलं. म्हणून बघायला बसण्याआधी एक-दोन मिनिटं खर्च करून तीन गोष्टी तपासा.

पहिली, पाय दिसतायत का? चॅप्लिन आणि त्याच्याच काळातला विनोदी नट बस्टर कीटन दोघेही कॅमेरा लांब ठेवून डोक्यापासून बुटांपर्यंत अख्खा माणूस चौकटीत घेत. निम्मा विनोद पायांत असतो. चौकोनी चित्र ताणून किंवा वरून-खालून कापून आजच्या रुंद पडद्यावर बसवलेलं असेल, तर ती प्रत सोडून द्या. टीव्हीवर डाव्या-उजव्या बाजूला काळे पट्टे दिसले तर ते बरोबर आहे, ते घालवायला जाऊ नका.

दुसरी, चाल. तेव्हा कॅमेरा हाताने फिरवत आणि सेकंदाला साधारण १६ ते २० चित्रं टिपली जात. बोलपट आल्यावर २४ चा वेग पक्का झाला. जुनं चित्रीकरण सरसकट २४ ने चालवलं की माणसं तुरुतुरु पळू लागतात. यूट्यूबवर असाल तर वेग ०.७५ करून बघा, बऱ्याचदा तेवढ्यानेच माणसं माणसांसारखी चालू लागतात. पण एक लक्षात असू द्या. पाठलागाच्या प्रसंगांत कॅमेरामन मुद्दाम हळू हँडल फिरवत, म्हणजे पडद्यावर धावपळ वाढेल. तो वेग त्यांना हवाच होता. म्हणून पारख पाठलागावरून करू नका. कुणी शांतपणे खोलीतून चालत जातंय, मागे रस्त्यावर साधी माणसं येजा करतायत, असा प्रसंग बघा. ती माणसं रोजच्यासारखी चालत असतील तर वेग बरोबर आहे.

तिसरी, डोळे. चेहऱ्यावर डोळे, भुवया, ओठांची रेघ दिसली पाहिजे. बस्टर कीटन पडद्यावर हसत नाही, त्याचं सगळं बोलणं डोळ्यांत आहे. डोळेच पुसट असतील तर त्याच्या चित्रपटात बघायला निम्मंच उरतं.

इटलीत बोलोन्याची सिनेटेका आणि पॅरिसची लॉब्स्टर फिल्म्स या संस्थांनी चॅप्लिन आणि कीटनच्या छोट्या चित्रपटांवर खूप मेहनत घेतली आहे. जगभरातल्या संग्रहांतून प्रती गोळा करून, एकेक चित्र ताडून त्यांनी नव्या प्रती केल्या. शोधताना या नावांवर लक्ष ठेवा. आणि बघायला संकोच करू नका. १९२९ पर्यंत प्रसिद्ध झालेले चित्रपट अमेरिकेत आता हक्कमुक्त आहेत. भारतातही चित्रपटावरचा हक्क प्रसिद्धीनंतर साठ वर्षांनी संपतो. फक्त मंडळाच्या किंवा शाळेच्या जाहीर कार्यक्रमात लावणार असाल, तर नव्या प्रतीसोबत दिलेलं संगीत अलीकडचं असतं, त्याची परवानगी वेगळी बघावी लागते. एखादा पेटीवादक किंवा कीबोर्ड वाजवणारा मित्र समोर बसवला तर तो प्रश्नही सुटतो आणि मजा दुप्पट होते. थिएटरात तेव्हा तसंच तर चालायचं.

तिसरी पायरी: आवाज कमी, पाट्या मोठ्याने

संगीत हळू ठेवा. १९३० च्या दशकात चॅप्लिनच्या काही चित्रपटांवर मागाहून संगीत आणि धडाम-धुडूम आवाज चढवले गेले, त्या प्रती अजून फिरतात. प्रत्येक लाथेला ढोल वाजला की आपली नजर आळशी होते. अशी प्रत हाती आली तर आवाज पूर्ण बंद करा.

मधेमधे येणाऱ्या इंग्रजी पाट्या घरातल्या एकाने मराठीत मोठ्याने सांगाव्यात. वीस मिनिटांत अशा पाट्या फार नसतात आणि त्यांत अवघडही काही नसतं. जपानमध्ये तर पडद्याशेजारी उभं राहून गोष्ट सांगणारे बेन्शी स्वतःच मोठे कलाकार होते, लोक त्यांच्या नावावर तिकीट काढत. आमच्याकडे हे काम भाचीकडे असतं आणि ती पात्रांना मालवणीत बोलायला लावते.

जमलं तर मोबाइलवर बघू नका, आणि एकट्याने तर नकोच.

चौथी पायरी: या क्रमाने बघा

पहिला चित्रपट बस्टर कीटनचा 'वन वीक', १९२० चा. माझं हे मत पक्कं आहे. चॅप्लिनबद्दल आपल्या मनात आधीच एक चित्र असतं, टोपी-काठी-मिशी. कीटन बहुतेकांना अनोळखी असतो, म्हणून नजर कोरी राहते.

गोष्ट एवढीच: नवं लग्न झालेल्या जोडप्याला भेट म्हणून खोक्यांत भरलेलं घर मिळतं. खोक्यांवरच्या आकड्यांप्रमाणे भाग जोडले की घर तयार. लग्नात डावलला गेलेला एक जण रागाने खोक्यांवरचे आकडे बदलून ठेवतो. पुढे जे घर उभं राहतं ते बघाच. दारं नको तिथे, भिंती तिरक्या. आणि गंमत म्हणजे दोघंही हार मानत नाहीत, त्या घराला घरच समजून राहू लागतात. वादळात ते अख्खं घर गरगर फिरतं. ते खेळण्यातलं घर नाही, फिरत्या चकतीवर उभारलेलं खरं घर आहे. भिंतीपासून माणसापर्यंत सगळ्याला वजन आहे, ते डोळ्यांना कळतं.

त्यातच एक छोटा प्रसंग आहे. बायकोची भूमिका सिबिल सीलीने केलीय. ती टबात आंघोळ करतेय आणि साबण टबाबाहेर निसटतो. उचलायचा तर उठावं लागेल. ती साबणाकडे बघते, मग थेट आपल्याकडे, कॅमेऱ्याकडे बघते. आणि कुणाचा तरी हात येऊन भिंगावर धरला जातो. हात बाजूला होतो तेव्हा साबण तिच्याजवळ असतो आणि ती हसते. कुणी पडलं नाही, काही फुटलं नाही, तरी हा त्या चित्रपटातल्या सगळ्यात सुंदर विनोदांपैकी एक आहे.

शेवट सांगत नाही. रेल्वेचे रूळ दिसले की श्वास रोखून बसा, एवढंच.

कीटन इतका सहज पडतो कसा, हा प्रश्न हमखास पडतो. तो लहानपणापासून आईवडिलांसोबत रंगमंचावर काम करायचा, आणि त्यांच्या खेळाचा मुख्य भागच वडिलांनी पोराला इकडून तिकडे फेकण्याचा होता. १९१७ मध्ये न्यूयॉर्कला रॉस्को आर्बकल या तेव्हाच्या लोकप्रिय विनोदी नटाच्या चित्रपटात तो पहिल्यांदा कॅमेऱ्यासमोर आला, तेव्हा पडण्याचं शिक्षण केव्हाच पूर्ण झालं होतं. १९२० ते १९२३ या काळात त्याने स्वतःचे १९ छोटे चित्रपट केले. 'वन वीक' आवडला तर त्यातला 'कॉप्स' आणि 'द प्लेहाउस' घ्या. 'द प्लेहाउस'मध्ये एकाच चौकटीत अनेक कीटन दिसतात. भिंगाचा एकेक भाग झाकून, तीच फिल्म मागे फिरवून पुन्हा पुन्हा चित्रित केलेला तो प्रकार आहे. कॅमेरामन एल्जिन लेस्लीचं हँडल दर वेळी अगदी त्याच वेगाने फिरलं, म्हणून ते जमलं.

दुसऱ्या बैठकीला चॅप्लिन, पण कुठला चॅप्लिन ते महत्त्वाचं. १९१४ मध्ये तो मॅक सेनेटच्या कीस्टोन कंपनीत आठवड्याला १५० डॉलरवर कामाला लागला आणि एका वर्षात ३५ च्या आसपास चित्रपटांत दिसला. कीस्टोनचा खाक्या गडबडीचा. बागेत जायचं, भांडण लावायचं, कुणालातरी तळ्यात ढकलायचं, संपलं. १९१६ मध्ये म्युच्युअल कंपनीने त्याला आठवड्याला १०,००० डॉलर आणि वर दीड लाखांचा बोनस दिला. त्या पैशापेक्षा मोठी गोष्ट त्याला मिळाली ती म्हणजे सवड. बारा चित्रपटांना त्याने जवळपास दीड वर्ष घेतलं. एकच प्रसंग पुन्हा पुन्हा करून बघायला, फेकून द्यायला, नव्याने रचायला त्याच्याकडे वेळ होता, आणि ते पडद्यावर दिसतं. तेव्हा म्युच्युअलच्या बारांतूनच घ्या: 'द पॉनशॉप', 'इझी स्ट्रीट', 'द इमिग्रंट'.

'इझी स्ट्रीट'मध्ये भटक्या चार्ली पोलीस होतो आणि त्याची गाठ गल्लीतल्या आडदांड गुंडाशी पडते. गुंडाच्या भूमिकेतला एरिक कॅम्बेल डोंगराएवढा. आपली ताकद दाखवायला तो रस्त्यावरचा गॅसचा दिवा हाताने वाकवून खाली आणतो. चार्ली टुणकन त्याच्या पाठीवर चढतो, दिव्याची काच त्याच्या डोक्यावर घालतो आणि गॅस सोडतो. इथपर्यंत हाणामारी. पुढचं बघा: गुंड निपचित पडल्यावर चार्ली एखाद्या डॉक्टरासारखी त्याची नाडी बघतो, आणि जरा विचार करून आणखी थोडा गॅस देतो. ती नाडी बघण्याची शांत ढब नसती तर प्रसंग नुसता क्रूर झाला असता. कॅम्बेल १९१७ च्या डिसेंबरात मोटार अपघातात गेला. चॅप्लिनला त्याच्या तोडीचा दांडगा प्रतिस्पर्धी पुन्हा मिळाला नाही, असं मला ते बारा चित्रपट बघताना दर वेळी वाटतं.

तिसरी बैठक हॅरल्ड लॉइडची. गोल चष्मा, नीटनेटका सूट, कचेरीत दिसेल असा साधा तरुण. 'नेव्हर वीकन' (१९२१) तीन रिळांचा आहे आणि त्याचा उत्तरार्ध बांधकाम चाललेल्या इमारतीच्या लोखंडी तुळयांवर घडतो. उंचीची भीती वाटणाऱ्याने कुणाचा तरी हात धरून बसावं. बघताना त्याच्या उजव्या हातावर लक्ष ठेवा. १९१९ मध्ये जाहिरातीचे फोटो काढताना नकली समजून हातात घेतलेला बॉम्ब खरा निघाला आणि उजव्या हाताचा अंगठा आणि तर्जनी गेली. त्यानंतर तो पडद्यावर बोटं बसवलेला हातमोजा घालून वावरला. त्या तुळयांवर लोंबकळणारा माणूस तीनच बोटांच्या उजव्या हाताचा आहे, हे कळल्यावर मला तो प्रसंग पुन्हा पहिल्यासारखा बघता आला नाही.

चौथी बैठक लॉरेल आणि हार्डी. 'बिग बिझनेस' (१९२९) मध्ये दोघं कॅलिफोर्नियाच्या उन्हात दारोदार नाताळची झाडं विकतायत. एका घरमालकाला झाड नकोय. दार बंद होताना झाडाची फांदी दारात अडकते. बस, एवढ्यावरून सुरुवात. तो यांचं काही तोडतो, हे त्याचं काही तोडतात, करता करता एकीकडे मोटारीचा आणि दुसरीकडे घराचा खुळखुळा होतो. इथे वेगळी गोष्ट शिकायला मिळते. एक जण मोडतोड करत असताना दुसरा मधे पडत नाही. तो उभा राहून बघतो, सगळं संपू देतो, मग आपली पाळी घेतो. कीस्टोनच्या धावपळीच्या अगदी उलट चाल. वाट बघण्यातच हसू आहे, हे या जोडीइतकं कुणाला समजलं नाही.

एवढं झाल्यावर मागे जा. 'किड ऑटो रेसेस ॲट व्हेनिस' ही १९१४ च्या फेब्रुवारीतली सहा-सात मिनिटांची चित्रफीत बघा. कॅलिफोर्नियातल्या व्हेनिस गावात मुलांच्या गाड्यांची खरी शर्यत चाललीय, आणि एक टोपीवाला माणूस सारखा कॅमेऱ्यापुढे येऊन उभा राहतोय. चार्लीचा तो भटक्या प्रेक्षकांना पडद्यावर दिसला तो पहिल्यांदा इथे. मागची गर्दी खरी आहे, तिला हा कोण ते ठाऊक नाही. त्या गर्दीतले चेहरे बघा. मग मेबल नॉर्मंड शोधा. ती कीस्टोनची मोठी नायिका तर होतीच, पण १९१४ मध्ये ती दिग्दर्शनही करत होती आणि नवख्या चॅप्लिनला तिने स्वतः दिग्दर्शित केलंय. आर्बकलबरोबरचा तिचा 'फॅटी अँड मेबल ॲड्रिफ्ट' (१९१६) फार गोड आहे. आणि त्याही मागे, फ्रान्सचा मॅक्स लिंडर. रेशमी हॅट, झोकदार कोट आणि सतत फजिती. चॅप्लिन त्याला आपला गुरू म्हणत असे.

पाचवी पायरी: एक प्रसंग दोनदा बघा

अख्खा चित्रपट पुन्हा बघायची गरज नाही. एक प्रसंग निवडा. मी 'द पॉनशॉप'मधला घड्याळाचा प्रसंग सुचवतो.

गहाणवटीच्या दुकानात चार्ली नोकर आहे. एक गिऱ्हाईक गजराचं घड्याळ घेऊन येतं. चार्ली कानाला स्टेथोस्कोप लावून घड्याळाची छाती तपासतो, बोटाने ठोकून बघतो. मग गिरमिटाने भोक पाडायला घेतो. मग डबा उघडायच्या पात्याने मागचं झाकण कापतो आणि आतला माल नासलाय की काय, म्हणून वास घेतो. मग दात उपटावा तसे पकडीने भाग उपटतो, आतली पट्टी कापडासारखी मोजतो. टेबलावर पडलेले तुकडे किड्यांसारखे वळवळू लागतात, तर त्यांच्यावर तेल सोडून त्यांना शांत करतो. शेवटी सगळा ढीग गिऱ्हाइकाच्या टोपीत लोटतो आणि मान हलवून परत करतो.

पहिल्यांदा नुसतं हसा. दुसऱ्यांदा मोजा: त्या एका घड्याळाचं काय काय झालं? रुग्ण, डबा, दात, कापड, किडे. घड्याळ सोडून सगळं. आणि दर वेळी वस्तू बदलताना चार्लीचं अंगही बदलतं. डॉक्टर असताना तो गंभीरपणे खाली झुकतो, वास घेताना नाक मागे नेतो. वस्तू बदलण्याच्या क्षणभर आधी त्याचं अंग बदलतं, आणि आपल्याला विनोद कळतो तो तिथे. तिसऱ्यांदा बघायची इच्छा झाली तर फक्त गिऱ्हाइकाकडे बघा. अल्बर्ट ऑस्टिन जवळजवळ काहीच करत नाही, नुसता उभा आहे, आणि त्याच्या त्या थिजलेल्या चेहऱ्याशिवाय प्रसंग उभाच राहिला नसता.

मुलांसोबत बघणार असाल तर

आधी स्वतः बघून घ्या, हे मी कळकळीने सांगतो. त्या काळच्या अमेरिकेत काळ्या माणसांची टर उडवणं विनोदात खपून जायचं, आणि ते डाग या चित्रपटांवर आहेत. तोंडाला काळं फासलेली पात्रं कीटनच्या 'द प्लेहाउस'मध्ये आहेत, लॉइडच्या 'हॉन्टेड स्पूक्स'मधली नोकरांची चेष्टाही अंगावर येते. मुलं सोबत असतील तर तिथे थांबवून हे का चूक होतं ते सांगावं, डोळेझाक करू नये. 'नेव्हर वीकन'मध्ये नायक प्रेमभंगाने आत्महत्येची तयारी करतो, तो भाग हसण्यावारी नेलाय, पण लहान किंवा हळव्या मुलांपुढे मी तो लावणार नाही. अगदी लहानांसाठी 'वन वीक' आणि 'द इमिग्रंट' सगळ्यात बिनधास्त.

इथून पुढे

आठ-दहा छोटे चित्रपट बघून झाले की मग मोठ्यांकडे वळा: चॅप्लिनचा 'द किड' (१९२१), लॉइडचा 'सेफ्टी लास्ट' (१९२३), कीटनचा 'द जनरल' (१९२६). तोवर नजर तयार झालेली असेल. इटलीतल्या पोर्डेनोने गावी दर वर्षी मूकपटांचा महोत्सव भरतो, युरोपात राहणाऱ्या मराठी मंडळींनी एकदा तरी जाऊन यावं.

आणि शेवटी एक चित्रपट राखून ठेवा: लॉरेल-हार्डीचा 'द बॅटल ऑफ द सेंच्युरी', १९२७ चा. भर रस्त्यात क्रीमपायची, म्हणजे क्रीम भरलेल्या केकसारख्या गोड पदार्थाची मारामारी, हजारोंनी क्रीमपाय उधळलेले. कित्येक दशकं या मारामारीचे फक्त तुकडे उपलब्ध होते. २०१५ मध्ये एका खाजगी संग्रहात दुसरं रीळ पूर्ण सापडलं, त्यामुळे आता एखादा छोटा भाग सोडला तर चित्रपट सलग बघता येतो. सगळा रस्ता पांढरा झालेला असताना कोपऱ्यावरून झकपक कपड्यांतली एक बाई येते. ही अनिता गार्विन. जमिनीवरच्या क्रीमपायवर तिचा पाय सटकतो आणि ती बरोब्बर त्याच्यावर बसते. आजूबाजूला अख्खं गाव एकमेकांना बडवतंय. ती क्षणभर तशीच बसून राहते, काय झालं ते तिच्या चेहऱ्यावर हळूहळू उमटतं. मग उठते, दिमाखात दोन पावलं टाकते, एक पाय हलकेच झटकते आणि निघून जाते. तिथे थांबवा, मागे न्या आणि ती बसून राहिलेली असतानाचे तिचे डोळे पुन्हा बघा.